फळ्यामागचा मुलगा : फ्रान्स्वा त्रुफोचा चित्रपट-प्रवास

वर्गात मुले खाली माना घालून लिहीत आहेत, आणि बाकाबाकांवरून एका कॅलेंडरवरचे बाईचे चित्र हातोहात फिरते आहे. ते एका मुलाच्या हाती येते. तो त्यावर पेनने काहीतरी रेखाटू लागतो आणि नेमका तेव्हाच मास्तरांच्या दृष्टीस पडतो. चित्र त्याने आणलेले नाही, फिरवायला सुरुवातही त्याने केलेली नाही. पण सापडला तो चोर. त्याला फळ्यामागच्या कोपऱ्यात उभे केले जाते. मधल्या सुट्टीत सारी मुले बाहेर पळतात, हा मात्र आतच. तिथल्या भिंतीवर तो आपल्यावर अन्याय झाल्याचे लिहून ठेवतो, तेही पद्यात! मग दुसरी शिक्षा : भिंत पुसायची, आणि केलेल्या गुन्ह्याचे वाक्य घरून सर्व काळांत व अर्थांत चालवून आणायचे. मास्तर उसासा टाकून म्हणतात, आणखी दहा वर्षांनी या देशाचे काय होणार!

हा उसासा ज्याने शिक्षकांच्या खोलीत ऐकला नाही असा मुख्याध्यापक सापडणार नाही. मीही तो ऐकला आहे आणि टाकलाही आहे.

चित्रपट आहे 'ले कात्र साँ कू'. १९५९ साली आलेला, फ्रान्स्वा त्रुफो या सत्तावीस वर्षांच्या दिग्दर्शकाचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. इंग्रजीत त्याचे नाव 'द फोर हंड्रेड ब्लोज' असे शब्दशः झाले आणि अनेकांचा समज झाला की मुलाला चारशे फटके बसतात. वास्तविक तो फ्रेंच वाक्प्रचार आहे. उच्छाद मांडणे, हुंदडणे असा त्याचा अर्थ. म्हणजे नावात मार नाही, मुलाचा खोडकरपणा आहे. मी हा चित्रपट कोल्हापुरात एम.ए. करीत असताना एका फिल्म क्लबाच्या खेळाला पाहिला. प्रत जुनी, इंग्रजी उपशीर्षके अर्धी कापलेली. तेव्हा मी विद्यार्थी होतो, म्हणून मुलाच्या बाजूने पाहिला. पुढे शिक्षक आणि मुख्याध्यापक झाल्यावर तो पुन्हा पाहिला, तेव्हा बसायची जागा बदलली होती. या लेखात मला जे म्हणायचे आहे ते याच बदललेल्या जागेविषयी. कारण ती जागा त्रुफोचीही बदलत गेली. फळ्यामागे उभा असलेला मुलगा पंचवीस वर्षांत हळूहळू चालत फळ्यापुढे आला, असे त्याच्या साऱ्या कारकिर्दीचे वर्णन करता येईल.

बालपण

त्रुफोचा जन्म ६ फेब्रुवारी १९३२ रोजी पॅरिसमध्ये झाला. आई अविवाहित होती. पुढे रोलाँ त्रुफो या गृहस्थाने तिच्याशी लग्न केले आणि मुलाला आपले नाव दिले. पहिली काही वर्षे मूल दाईकडे आणि आजीकडे वाढले. आजी वारल्यावर ते आईबापांच्या लहानशा घरात आले, तेव्हा त्याची तिथे अडचणच होती. घरात आवाज करायचा नाही, वाचत बसायचे. म्हणून मुलगा वाचत सुटला. घराबाहेर शाळेऐवजी चित्रपटगृहे. चौदाव्या वर्षी शाळा सुटली ती कायमची.

नंतर पोराने फिल्म क्लब काढला, त्यात कर्ज केले, आणि वडिलांनी स्वतःच त्याला पोलिसांच्या स्वाधीन केले. तिथून बालगुन्हेगारांच्या निरीक्षणगृहात. या ठिकाणी एक माणूस त्याच्या आयुष्यात उभा राहतो, तो म्हणजे चित्रपट-समीक्षक आंद्रे बाझाँ. बाझाँने शिक्षक होण्याचे रीतसर शिक्षण घेतले होते. पण तोंडी परीक्षेत तोतरेपणा आडवा आला आणि वर्गात शिकवण्याचा अधिकार त्याला मिळाला नाही. ज्याला शाळेने शिक्षक म्हणून नाकारले त्याने, ज्याला शाळेने विद्यार्थी म्हणून नाकारले त्याला, हाताशी धरले! निरीक्षणगृहातून सोडवून आणले. पुढे सैन्यात भरती होऊन हा मुलगा पळाला, लष्करी तुरुंगात पडला, तेव्हाही बाझाँनेच खटपट केली, घरी ठेवून घेतले आणि लिहायला लावले. १९५१ साली ज्यांनी 'काहिए द्यु सिनेमा' हे नियतकालिक सुरू केले त्यांच्यात बाझाँ प्रमुख होता. जानेवारी १९५४ च्या अंकात त्रुफोचा तो गाजलेला लेख आला. मान्यवर कादंबऱ्यांची गुळगुळीत रूपांतरे करणाऱ्या तेव्हाच्या प्रतिष्ठित फ्रेंच चित्रपटावर त्याने कोरडे ओढले. चित्रपट हा पटकथाकाराचा नव्हे, तर दिग्दर्शकाचा असतो, तो त्याच्या हस्ताक्षरासारखा ओळखता आला पाहिजे, या विचाराला त्या लेखाने धार आली. लेखणी इतकी निष्ठुर की १९५८ साली कान महोत्सवाने त्याला पत्रकार म्हणून प्रवेशच दिला नाही. दुसऱ्याच वर्षी त्याच महोत्सवात त्याला उत्कृष्ट दिग्दर्शकाचे पारितोषिक मिळाले.

ते पाहायला बाझाँ नव्हता. नोव्हेंबर १९५८ मध्ये चित्रीकरण सुरू झाले आणि दुसऱ्याच दिवशी, वयाच्या अवघ्या चाळिसाव्या वर्षी, तो रक्ताच्या कर्करोगाने गेला. चित्रपट त्याच्या स्मृतीस अर्पण केलेला आहे.

आंत्वानचा निबंध

'ले कात्र साँ कू'मधला आंत्वान द्वानेल म्हणजे बराचसा त्रुफोच. ही भूमिका केली चौदा वर्षांच्या झाँ-पिएर लेओने. चित्रपटाचे मोठेपण असे, की आत्मचरित्र असूनही त्यात कुठे गळा काढलेला नाही. हास्य भरपूर आहे. कवायतीचे मास्तर शिटी वाजवीत पुढे धावत आहेत आणि मागची रांग पॅरिसच्या गल्ल्यांतून दोन-दोन मुलांनी गळत चालली आहे, हे उंचावरून घेतलेले दृश्य पाहून कोणीही हसेल. आंत्वान शाळा बुडवतो. कारण काय सांगायचे? आई वारली, असे तो सांगून टाकतो. मास्तर विरघळतात, आणि मग दाराशी जिवंत आई उभी राहते. वर्गादेखत बापाची थप्पड बसते. आपण हसत असतो आणि हसता हसता ओशाळतो. कारण त्याआधी आपण पाहिलेले असते, की रस्त्यावर परक्या पुरुषाच्या मिठीत असलेली आई मुलाने पाहिली आहे. मुलाच्या दृष्टीने त्या थापेत थोडे तथ्य होते.

पण माझ्या मते चित्रपटाचे मर्म निबंधाच्या प्रसंगात आहे. निबंधात पहिल्या पाचांत आलास तर पैसे देईन, असे आई कबूल करते. आंत्वान तेव्हा बाल्झाकच्या कादंबरीने झपाटलेला आहे. घरात त्याने बाल्झाकच्या तसबिरीपुढे मेणबत्ती लावून देव्हाराच केला आहे, आणि त्यापायी घर पेटता पेटता वाचले आहे. आजोबांच्या मृत्यूवर निबंध लिहिताना त्याच्या लेखणीतून बाल्झाकची वाक्ये उतरतात. मास्तर भर वर्गात त्याला चोर ठरवतात आणि बाहेर घालवतात. संपूर्ण चित्रपटात या मुलाने शाळेचे काम मनापासून केले ते एवढे एकदाच. त्याच कामाने त्याची शाळा संपते. पुढचे सारे, म्हणजे टंकलेखन यंत्राची चोरी, ते परत ठेवताना पकडले जाणे, पोलिसांच्या गाडीच्या गजांतून दिसणारे रात्रीचे पॅरिस आणि गालावर ओघळलेले अश्रू, हा उतार आहे. तो सुरू होतो निबंधाच्या वहीपासून.

इथे एक गोष्ट सांगितली पाहिजे. कोल्हापुरातल्या त्या खेळात या प्रसंगी माझे डोळे भरून आले होते. त्यानंतर दहा-बारा वर्षांनी, मी आठवीला मराठी शिकवीत असताना, घरी कन्नड बोलणाऱ्या एका मुलाने पावसावर निबंध लिहिला. त्यातली तीन-चार वाक्ये त्याच्या वयाला आणि एरवीच्या मराठीला न शोभणारी, सुरेख होती. मी वही उंच धरून वर्गाला वाचून दाखवली आणि त्याला विचारले, "कुठल्या गाईडातून उतरवलंस रे?" वर्ग हसला. मुलगा उभा राहिला, काही बोलला नाही. वर्षभर त्याने निबंधात पाच ओळींच्या वर काही लिहिले नाही. त्याने उतरवले होते की नाही, हे मला आजही ठाऊक नाही. उतरवले असेल तरी एवढ्या पुस्तकांतून त्याला नेमकी तीच वाक्ये आवडली होती, आणि ती परक्या भाषेतली होती. हे विचारायला मला सुचले नाही. चांगली कलाकृती पाहून माणूस शहाणा होतो असे आपण अशा लेखांतून नेहमी लिहितो. माझ्यापुरते तरी ते खरे ठरले नाही. चित्रपटातले मास्तर मला ओळखता आले होते. वर्गातला मी मात्र ओळखता आला नाही.

दुसऱ्यांदा पाहताना लक्षात आले ते असे, की त्रुफोने ते मास्तर दुष्ट दाखवलेले नाहीत. ते थकलेले आहेत. मुले खूप, वेळ थोडा, आणि पाठ फिरली की शिट्टी वाजते. फक्त ते सबंध चित्रपटभर फळ्यामागच्या कोपऱ्यातून दिसतात, म्हणून त्यांचा एकच पैलू दिसतो. चित्रपट मुलाचा आहे आणि मुलाला मास्तरांचे घर दिसत नाही.

शेवटी आंत्वान सुधारगृहातून पळतो. धावत धावत, कधीही न पाहिलेल्या समुद्राशी पोचतो, पाण्यात पाऊल टाकतो, वळतो, आणि चौकट गोठते. मुलगा थेट आपल्याकडे पाहत राहतो. पुढे जगभरच्या दिग्दर्शकांनी गोठलेल्या चौकटीचा शेवट इतका वापरला की आज त्याचे नावीन्य उरले नाही. पण या मूळ चौकटीची धग अजून गेलेली नाही. त्याआधीच्या दृश्यांत मानसशास्त्रज्ञ बाई आंत्वानला प्रश्न विचारतात. बाई पडद्यावर दिसत नाहीत, फक्त आवाज. उत्तरे बरीचशी लेओने आपल्या मनाने दिलेली आहेत. सबंध चित्रपटात मोठ्यांनी या मुलाला विचारून त्याचे उत्तर शेवटपर्यंत ऐकून घेतले ते या एकाच ठिकाणी, आणि तेही नोंद करण्यासाठी.

पुस्तके, प्रेम आणि चित्रपट

यानंतरची त्रुफोची कारकीर्द विविधतेने भरलेली आहे. १९६२ चा 'ज्यूल ए जिम' ही दोन मित्र आणि एक स्त्री यांची कथा. झान मोरोच्या अभिनयाने ती अजरामर झाली. १९६६ साली रे ब्रॅडबरीच्या कादंबरीवर त्याने इंग्रजीत 'फॅरनहाइट ४५१' केला. पुस्तके जाळणाऱ्या राज्यात काही माणसे एकेक पुस्तक तोंडपाठ करून स्वतःच पुस्तक होतात, या कल्पनेने पुस्तकांच्या आधाराने जगलेला हा मुलगा मोहून गेला नसता तरच नवल. त्याच वर्षी हिचकॉकच्या प्रदीर्घ मुलाखतींचे त्याचे पुस्तक निघाले. ज्या काळात अनेक समीक्षक हिचकॉकला निव्वळ करमणूक करणारा समजत, त्या काळात त्याने शिष्यासारखे समोर बसून त्याची विद्या विचारून घेतली. १९७३ च्या 'ला न्युई आमेरिकेन'मध्ये चित्रपट कसा बनतो याचाच चित्रपट केला आणि त्याला ऑस्कर मिळाले. १९८० च्या 'ल देर्निए मेत्रो'ला फ्रान्सचे दहा सेझार पुरस्कार मिळाले.

जुना मित्र गोदार १९७३ साली त्याला पत्राने खोटारडा म्हणाला आणि मैत्री तुटली. ज्या सुबक, सर्वांना रुचणाऱ्या चित्रपटांवर तरुणपणी तुटून पडला, तसेच चित्रपट हा स्वतः करू लागला, असा आक्षेप अनेकांनी घेतला. 'ल देर्निए मेत्रो' पाहताना त्यात काही तथ्य वाटते. युद्धकाळातले पॅरिस तिथे फारच नेटके, दिव्यांनी उजळलेले आहे. परंतु त्रुफोचे सारे मोजमाप या एका मापाने करणे मला पटत नाही. त्याचे खरे धाडस दुसरीकडे आहे, आणि त्यासाठी त्याच्या दोन लहान वाटणाऱ्या चित्रपटांकडे वळले पाहिजे.

मास्तरांच्या जागी

पहिला 'लाँफाँ सोव्हाज', म्हणजे 'रानटी मूल', १९७० चा. फ्रान्सच्या आव्हेराँ भागातल्या जंगलात अठराव्या शतकाच्या अखेरीस एक मुलगा सापडला. नग्न, मुका, प्राण्यासारखा. पॅरिसच्या मूकबधिर संस्थेत त्याला आणले गेले. तज्ज्ञांनी मतिमंद म्हणून त्याच्यावर फुली मारली. पण झाँ इतार या तरुण डॉक्टरने त्याला शिकवायचे ठरवले. 'ओ' या स्वराला मुलगा मान वळवतो असे पाहून त्याचे नाव ठेवले व्हिक्तोर. इतारने १८०१ आणि १८०६ साली लिहिलेल्या अहवालांना त्रुफोने रोजनिशीचे रूप दिले आणि इतारची भूमिका स्वतः केली. मुलाला कॅमेऱ्यामागून सूचना देण्याऐवजी चौकटीत त्याच्या शेजारी बसून त्याने हा चित्रपट दिग्दर्शित केला. अर्पणपत्रिका कोणाला? झाँ-पिएर लेओला. पहिला चित्रपट बाझाँला, हा लेओला. जे घेतले ते कुणाला द्यायचे आहे, हे त्याने लिहूनच ठेवले.

कृष्णधवल, संथ, जवळजवळ कोरडा असा हा चित्रपट शिक्षकाने आवर्जून पाहावा. त्यातले दोन प्रसंग मला सोडत नाहीत. व्हिक्तोरला 'ले' म्हणजे दूध हा शब्द शिकवला जातो. तो म्हणतोही, पण दूध मिळण्यापूर्वी नव्हे, मिळाल्यावर. इतार निराश होतो. शब्द मागण्यासाठी वापरला तर तो भाषा. हा तर नुसता आनंदाचा उद्गार! त्रुफो यावर टीका करीत नाही, फक्त दुधाच्या वाटीवर झुकलेला चेहरा दाखवतो. आपल्यासारख्या, घरात एक आणि गल्लीत दुसरी भाषा असलेल्या लोकांना इतारची निराशा पटणे कठीण जाईल. जिच्यात मागायचे ती भाषा आपण कामापुरती शिकतो. मिळाल्यावर जिच्यात बोलतो ती वेगळी असते.

दुसरा प्रसंग शिक्षेचा. मुलाला न्याय-अन्याय कळतो की नाही हे पाहण्यासाठी इतार त्याने काम बरोबर केलेले असताना मुद्दाम त्याला शिक्षा करतो, अंधाऱ्या खोलीत ओढू लागतो. व्हिक्तोर झगडतो आणि त्याच्या हाताला कडकडून चावतो. इतार आनंदतो. मुलाला अन्यायाची चीड आली, म्हणजे तो माणूस आहे! अकरा वर्षांपूर्वी फळ्यामागच्या भिंतीवर लिहिलेल्या पद्याला मिळालेले हे उत्तर आहे. आंत्वानचे लिहिणे आणि व्हिक्तोरचे चावणे एकच. तिथे मास्तरांनी भिंत पुसायला लावली. इथे मास्तर चावलेला हात पाहून धन्य होतो. अर्थात त्यासाठी त्याला आधी अन्याय करावा लागला, हा काटा चित्रपटात राहतोच, आणि तो राहू दिला यात त्रुफोचा प्रामाणिकपणा आहे.

दुसरा चित्रपट १९७६ चा 'लार्जाँ द पॉश', म्हणजे खाऊचे पैसे. तिए या लहान गावातली शाळा, गल्ल्या, मुले. कथानक जवळजवळ नाही. एक पोर वरच्या मजल्याच्या खिडकीतून पडते आणि हसत उठते. एक मुलगी बापाचा भोंगा खिडकीतून लावून 'मला भूक लागली' असे साऱ्या वाड्याला ओरडून सांगते. या गमतीजमतीत ज्युलिअँ नावाचा एक मळका, गप्प मुलगा आहे. शाळेतल्या वैद्यकीय तपासणीच्या दिवशी त्याच्या अंगावरचे वळ उघडे पडतात. पोलीस घरी जातात. दुसऱ्या दिवशी रिशे नावाचे शिक्षक पाठ बाजूला ठेवून वर्गाशी बोलतात. मुलांना मत नाही, म्हणून राज्यकर्त्यांना त्यांची फिकीर नाही. माझेही बालपण दुःखाचे गेले, म्हणूनच मी हा पेशा पत्करला, अशा आशयाचे ते भाषण आहे. कलेच्या दृष्टीने ते लांबलेले आहे, उपदेशाकडे झुकलेले आहे, हे मान्य. पण ते कोण बोलतो आहे हे ध्यानात घेतले की समजते : फळ्यामागचा मुलगा फळ्यापुढे उभा राहून बोलतो आहे. आणि ज्या शिक्षकांना रोज पाहूनही ज्युलिअँचे वळ दिसले नाहीत, त्या सर्वांच्या वतीनेही.

आईचीही बाजू त्याने फिरून ऐकली. पहिल्या चित्रपटाने त्याचे आईवडील दुखावले होते. १९६८ साली आई गेली. १९७९ च्या 'लामूर आँ फ्युइत'मध्ये वाढलेल्या आंत्वानला आईचा तोच जुना प्रियकर भेटतो, ज्याच्या मिठीत त्याने लहानपणी आईला पाहिले होते. तोच त्याला आईच्या थडग्याशी नेतो आणि सांगतो, की तिच्या परीने तिचे तुझ्यावर प्रेम होते. वीस वर्षांनी त्रुफोने आपल्याच साक्षीत ही दुरुस्ती केली. त्याचे खरे धाडस मी म्हटले ते हे. स्वतःवर झालेला अन्याय न विसरता, तो करणाऱ्यांच्या जागी जाऊन उभे राहणे सोपे नसते. २१ ऑक्टोबर १९८४ रोजी मेंदूतील गाठीने तो गेला, तेव्हा त्याचे वय अवघे बावन्न होते. त्या वयाच्या आसपासचे माझे अनेक सहकारी निवृत्तीची वर्षे मोजत असतात.

'लाँफाँ सोव्हाज'च्या शेवटी व्हिक्तोरही पळून जातो. पण तो परत येतो. इतार म्हणतो, आता विसावा घे, थोड्या वेळाने पाठ पुन्हा सुरू करू. खऱ्या आयुष्यात व्हिक्तोर कधीच बोलायला शिकला नाही; १८२८ मध्ये तो वारला तेव्हा त्याला सांभाळणाऱ्या मादाम गेराँच्याच आश्रयाला होता. हे त्रुफोला ठाऊक होते. तरी त्याने चित्रपट मुलाच्या परतण्यापाशी थांबवला. काहींना ही पळवाट वाटते. मला वाटत नाही, कारण शेवटची चौकट तितकी गोड नाही. जिना चढताना मुलगा मागे वळून मास्तरांकडे पाहतो. त्या नजरेत विश्वास आहे की नुसता थकवा, हे सांगता येत नाही. आंत्वान आपल्याकडे पाहत होता; व्हिक्तोर शिक्षकाकडे पाहतो, आणि मग पडदा चारी बाजूंनी काळोखत त्याच्या चेहऱ्याभोवती मिटत जातो.